किलो मोजले, कोटी मोजले. माणसं कधी मोजणार?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

एमडी (मेफेड्रोन हा अमली पदार्थ) पकडल्याच्या आपल्या अंकातल्या बातम्या मी काही काळापासून कापून वहीत चिकटवतो आहे. दुकानात दुपारी दोन ते चार गिऱ्हाईक नसतं, तेव्हाचा हा उद्योग. सगळ्या बातम्या एकाच साच्यातल्या: इतके ग्रॅम, इतक्या लाखांचा मुद्देमाल, एक दुचाकी, दोन मोबाइल, इतक्या दिवसांची पोलीस कोठडी. 2023 च्या ऑक्टोबरात मुंबई पोलिसांनी आपल्या चिंचोळी एमआयडीसीतला कारखाना पकडला तेव्हा कोटींचे आकडे आले. पुढच्या फेब्रुवारीत पुणे पोलिसांनी याच पुणे-सोलापूर महामार्गावर कुरकुंभला धाड टाकली, तेव्हा तर वजन शेकडो किलोंत गेलं. माल मोजण्यात आपण कुठे कमी पडत नाही. पण या मालानं आणि त्याच्या भावंडांनी सोलापुरात वर्षाला किती माणसं मारली, हा आकडा माझ्या वहीत एकदाही आला नाही. आपल्या वार्ताहराला मी दोष देत नाही. तो आकडा कुणी काढतच नाही, तर तो बिचारा छापणार कुठून?

माझं पूर्व भागात मेडिकल आहे. वडिलांनी सुरू केलं, आता मी बसतो. गिऱ्हाईक म्हणजे यंत्रमागावरचे कामगार, विडी वळणाऱ्या बाया, टॉवेल कारखान्यातली रात्रपाळीची पोरं. आमच्याकडे औषध विकणं हे निम्मं काम, निम्मं काम ऐकण्याचं. म्हणून हे लिहायचं धाडस करतो.

आमच्या गल्लीच्या मागच्या बाजूला एक विडी कामगार बाई राहते. तिचा मुलगा पंचविशीच्या आतबाहेरचा, कारखान्यात रात्रपाळीला. शिंदी (शिंदीच्या झाडाची ताडी) प्यायचा, वर कुठून तरी मिळालेल्या झोपेच्या गोळ्या घ्यायचा. पोरं त्यांना 'बटन' म्हणतात. एका सुट्टीच्या रात्री घरी आला आणि आडवा झाला. बाई मला नंतर सांगत होती, बीपीच्या गोळ्या घ्यायला आली तेव्हा: "अण्णा, लई घोरत होता ओ. घरघर आवाज यायला. म्हटलं, रोज तळमळतंय पोरगं, आज तरी गाढ झोपलंय, झोपू दे." सकाळी अंग गार. भावकीत सांगितलं, अटॅक आला. एका डॉक्टरांनी चिठ्ठी दिली, त्यावर हृदयक्रिया आणि श्वसन बंद पडल्यामुळे मृत्यू असं कारण. हे कारण कुणाच्याही मरणाला लागू पडतं. दुपारच्या आत सगळं उरकलं. पोलिसांत गेलं तर पोस्टमार्टेम होणार, चार लोकांत बोभाटा होणार, धाकट्या बहिणीच्या लग्नात कुणीतरी विषय काढणार. म्हणून कुणी गेलं नाही. मुलाच्या मोटारसायकलीसाठी बचत गटातून उचललेलं कर्ज ती बाई अजून फेडते आहे. आणि मुलगा? जन्म-मृत्यू नोंदणीत तो आहे, पण कशानं मेला ते तिथे नाही.

ती घरघर म्हणजे गाढ झोप नव्हती, हे मला सांगता आलं असतं. अशा गोळ्या, दारू किंवा अफूच्या जातीची औषधं अंगात जास्त झाली की मेंदूतलं श्वासाचं केंद्र मंदावतं, जीभ मागे पडते, घशात घरघर होते, ओठ निळे पडतात. माणूस हलवून जागा होत नाही. त्या वेळी त्याला कुशीवर वळवून 108 ला फोन करायचा असतो. आपल्याकडे लिंबूपाणी पाजतात, ताक पाजतात, उलटी व्हावी म्हणून मिठाचं पाणी घशात ओततात. शुद्ध नसलेल्या माणसाच्या ते सरळ फुप्फुसात जातं.

आता समजा, हाच मुलगा सिव्हिलला नेला असता. तिथे पोलीस चौकीत वर्दी, अकस्मात मृत्यूची नोंद (पूर्वीचं सीआरपीसी कलम 174, जुलै 2024 पासून बीएनएसएस 194), पंचनामा, शवविच्छेदन, व्हिसेरा (आतल्या अवयवांचे नमुने) राखून ठेवला, मृत्यूच्या कारणाचं मत राखून ठेवलं. व्हिसेरा प्रयोगशाळेत जातो, अहवाल कधीतरी येतो, फाइलला लागतो. तोवर घरचे चौकशीला जाणं सोडून देतात, तपासी अंमलदाराची बदली झालेली असते. अहवालात क्लोरल हायड्रेट आलं की अल्प्राझोलम (दोन्ही गुंगी आणणारी), हे त्या फाइलीबाहेर कुणाला कळत नाही. त्या महिन्यात अशा दहा फाइली असतील तरी त्या दहा ठाण्यांत, दहा कपाटांत.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालात 2022 साली अमली पदार्थांच्या अतिसेवनानं देशभरात 681 मृत्यू दाखवले आहेत, त्यातले 144 एकट्या पंजाबात. एकशे चाळीस कोटींच्या देशात 681! त्याच वर्षी तेहतीस कोटींच्या अमेरिकेत असे मृत्यू एक लाख आठ हजारांच्या घरात होते. काही जण हा आकडा वाचून छाती फुगवतील. जरा थांबा. आमच्याच सरकारसाठी एम्सनं केलेल्या 2019 च्या पाहणीत अफूजन्य पदार्थ घेणारे सव्वादोन कोटींच्या वर आणि झोपेच्या-गुंगीच्या गोळ्या डॉक्टरांशिवाय घेणारे एक कोटीच्या वर निघाले होते. इतकी माणसं घेतात आणि मरतात फक्त 681, हे माझ्या दुकानदारी हिशेबात बसत नाही. फरकाचं एक खरं कारण आहे, तेही सांगतो, नाहीतर अन्याय होईल: अमेरिकेत मारतंय ते मुख्यतः फेंटानिल. आपल्याकडे ते ऑपरेशनला भूल देताना वापरतात. हेरॉइनच्या पन्नासपट तीव्र, दोन मिलिग्रॅम म्हणजे मिठाचे काही कण जीव घेऊ शकतात. ते आपल्या रस्त्यावर तसं आलेलं नाही. देव करो, न येवो. पण बाकीचा फरक नोंदीचा आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

माझी पुतणी ओहायोत फार्मसिस्ट आहे. ओहायो हे अमेरिकेतल्या अतिसेवनाच्या साथीत होरपळलेल्या राज्यांपैकी एक. ती सांगते ते ऐकून मला भीती वाटते ती वेगळ्याच कारणानं. तिथली आग गल्लीतल्या पुडीपासून लागलेली नाही, आमच्यासारख्या काउंटरवरून लागली. 1996 साली ऑक्सिकॉन्टिन नावाची अफूजन्य वेदनाशामक गोळी बाजारात आली. कंपनीच्या प्रतिनिधींनी डॉक्टरांना पटवलं की हिची सवय क्वचितच लागते. लोकांना पाठदुखीला, गुडघेदुखीला गोळ्या मिळाल्या, सवय लागली. पुढे गोळ्या महागल्या, नियम आवळले, तेव्हा तीच माणसं 2010 च्या सुमारास हेरॉइनकडे वळली आणि 2013 नंतर त्यात फेंटानिल मिसळू लागलं. कंपनीनं 2007 मध्ये आणि पुन्हा 2020 मध्ये न्यायालयात गुन्हा कबूल केला. 1999 पासून तिथे अतिसेवनानं दहा लाखांहून जास्त माणसं गेली. 2011 च्या जनगणनेत आपल्या सोलापूर शहराची लोकसंख्या 9 लाख 51 हजार होती. म्हणजे हिप्परग्यापासून होटगी रोडपर्यंतचं सगळं शहर गेलं, वर आणखी काही.

पण मला त्यांच्याकडून एक गोष्ट उसनी हवी आहे. ते मोजतात. संशयित मृत्यूत रक्ताची तपासणी होते, कोणता पदार्थ होता ते मृत्यूच्या दाखल्यावर येतं, आणि मागच्या बारा महिन्यांचा आकडा दर महिन्याला जाहीर होतो, जिल्हानिहाय सुद्धा. आकडा दिसला म्हणून आरडाओरड झाली, आरडाओरड झाली म्हणून नॅलोक्सोन आलं. अफूजन्य पदार्थांचा परिणाम मिनिटांत उतरवणारं हे औषध. 2023 च्या मार्चमध्ये त्याचा नाकात मारायचा स्प्रे विनाचिठ्ठी विकायला परवानगी मिळाली. पुतणी म्हणते, "काका, आमच्याकडे तो खोकल्याच्या गोळ्यांसारखा समोर ठेवलेला असतो." 2024 मध्ये तिथले मृत्यू 80 हजारांच्या आसपास उतरले. सगळं श्रेय स्प्रेला देणारा मी नाही, पण उतार पडला हे कळलं तरी! आपल्याकडे चढ आहे की उतार, हे पोलीस आयुक्तांना विचारा, सिव्हिलच्या अधिष्ठात्यांना विचारा, ते तरी कशावरून सांगणार?

शिवाय मोजल्याशिवाय कोणतं औषध हवं हेही कळत नाही. नॅलोक्सोन आणून ठेवा अशी मागणी उद्या कुणी करील. ट्रॅमाडॉल, कोडीनचं सिरप, हेरॉइन असेल तर ते चालतं. सोलापुरात शिंदीतलं क्लोरल हायड्रेट असेल, अल्प्राझोलम असेल, तर त्याचा शून्य उपयोग. एमडीत तर उलटच प्रकार, श्वास मंदावत नाही, हृदय सुसाट सुटतं, अंग तापतं. स्टेशनच्या आजूबाजूला रुमालात सोल्युशन (पंक्चर काढायचा चिकट द्रव) घेऊन फिरणारी पोरं आपण सगळे बघतो. त्यात पहिल्याच हुंगण्याला हृदय बंद पडू शकतं. चार वेगवेगळे मृत्यू, आणि दाखल्यावर चारही ठिकाणी तेच, हृदयक्रिया बंद.

शिंदीचं विशेष सांगायला हवं, कारण पूर्व भागात तिच्याकडे कुणी नशा म्हणून बघतच नाही. आमची निम्मी सोयरीक तेलंगणात. तिकडे ताडीत क्लोरल हायड्रेट, डायझेपाम, अल्प्राझोलम घालतात हे तिथल्या सरकारी दवाखान्यांना पाठ आहे. दुकानं बंद पडली की रोज पिणाऱ्यांना झटके येतात, वेड्यासारखं होतं. 2020 च्या टाळेबंदीत तेच झालं. 2025 च्या जुलैत हैदराबादच्या कुकटपल्लीत भेसळीच्या ताडीनं माणसं गेली, तेव्हा आमच्या गल्लीतून फोनवर फोन झाले. इथेही भेसळीच्या तक्रारी जुन्याच आहेत. एक साधा हिशेब कुणी उत्पादन शुल्क विभागाकडून मागावा: शहराच्या आसपास रस देणारी शिंदीची झाडं किती, आणि शहरात रोज शिंदी खपते किती? उरलेले लिटर कुठल्या झाडाला लागतात?

एकदम माणसं मेली की मोजली जातात. 2015 मध्ये मुंबईच्या मालवणीत विषारी दारूनं शंभरावर गेली, मुख्यमंत्र्यांपर्यंत विषय गेला. एकेक करून, एकेका पत्र्याच्या खोलीत गेली, की विषय संपला.

आता माझ्या धंद्याबद्दल, कारण लोक म्हणतीलच. अल्प्राझोलम, नायट्राझेपाम, ट्रॅमाडॉल, कोडीन ही सगळी शेड्यूल एच-वन. 2014 पासून त्यांचं वेगळं रजिस्टर ठेवायचं, रुग्णाचं आणि डॉक्टरचं नाव लिहायचं, तीन वर्षं जपायचं. बहुसंख्य दुकानदार ठेवतात. काही ठेवत नाहीत, आणि ते कोण हे गल्लीतल्या पोरांना औषध निरीक्षकांच्या आधी ठाऊक असतं. या लोकांवर कारवाई झाली तर आमच्या संघटनेतले चार जण ओरडतील, त्यांना ओरडू द्यावं. बाहेरच्या देशांतही आपण काय पाठवतो ते 2025 च्या फेब्रुवारीत दिसलंच. टॅपेंटाडॉल आणि कॅरिसोप्रोडॉल एकत्र केलेल्या भारतीय गोळ्या पश्चिम आफ्रिकेत नशेसाठी विकल्या जात होत्या, बोभाटा झाल्यावर केंद्रानं त्या मिश्रणाची परवानगी काढून घेतली.

पण एक हात जोडून विनंती. आवळायचं म्हणून सरसकट आवळू नका. आपल्या जिल्ह्यात बार्शीला नर्गिस दत्त कॅन्सर हॉस्पिटल आहे. शेवटच्या अवस्थेतल्या रुग्णाला मॉर्फिन लागतं, आणि ते सहज मिळावं म्हणूनच 2014 मध्ये एनडीपीएस (अमली पदार्थविरोधी) कायद्यात दुरुस्ती झाली. धाडींचा गाजावाजा झाला की भीतीपोटी दुकानदार आणि डॉक्टर असली औषधं ठेवणंच बंद करतात. त्याची शिक्षा भोगतो कॅन्सरचा रुग्ण, नशा करणारा नव्हे.

घरच्यांनाही भीती असते की दवाखान्यात नेलं तर पोरगा आत जाईल. याच एनडीपीएस कायद्यात कलम 64-अ आहे: स्वतःहून मान्यताप्राप्त केंद्रात उपचार घेणाऱ्या व्यसनीला स्वतःच्या सेवनापुरतं खटल्यापासून संरक्षण मिळतं. हे आमच्या भागात कुणाला माहीत नाही. 14446 आणि 1933 या मोफत हेल्पलाइन आहेत, तेही माहीत नाही. मराठीबरोबर तेलुगू आणि कन्नडमध्ये याची पत्रकं छापा, विडी कारखान्यांच्या ब्रँचमध्ये लावा. बाया माल द्यायला तिथे रांगेत उभ्या असतात, वाचायला वेळच वेळ असतो. आपले ग्रामीण पोलीस 'ऑपरेशन परिवर्तन' करून हातभट्टीवाल्या तांड्यांवर दुसरा रोजगार उभा करू शकतात, तर शहराला हे जड नाही.

आणि मोजणीचं. जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली अमली पदार्थविरोधी समन्वय समितीच्या बैठका होतात, फोटो आपल्याकडे छापून येतात. त्या बैठकीच्या कागदात एक तक्ता वाढवावा: या महिन्यात शहर-जिल्ह्यात नशेचा संशय असलेले अकस्मात मृत्यू किती, त्यातले व्हिसेरा किती गेले, अहवाल किती आले, अहवालात काय निघालं, प्रभाग कोणता. नाव नको, पत्ता नको. एका कारकुनाचं अर्ध्या दिवसाचं काम आहे. घरी गेलेल्यांची नोंद त्यात येणार नाही, हे मला कळतं. पण प्रभागात तीन-चार मृत्यू दिसायला लागले, की वॉर्डातल्या दवाखान्याचे डॉक्टरही चिठ्ठी लिहिताना दोन प्रश्न जास्त विचारतील.

पुढच्या बैठकीनंतर आपल्या वार्ताहरानं पकडलेल्या मालाबरोबर एवढंही विचारावं, की जुने व्हिसेरा अहवाल किती प्रलंबित आहेत आणि सगळ्यात जुना कुठल्या तारखेचा. उत्तर मिळालं तर छापावं. नाही मिळालं तर तसंही छापावं.

कळावे,
आपला,
एक औषध दुकानदार, पूर्व भाग, सोलापूर

(नाव छापू नये ही विनंती. वर लिहिलेल्या बाईला गल्लीत ओळखतील.)