मालाडच्या जर्मन साहेबाचं गाव

म्युनिक,
१६ नोव्हेंबर

ती. अण्णांस,
शि. सा. न.

फोनवर तुम्हाला धड ऐकू येत नाही आणि मग आपण दोघंही नुसते ओरडत बसतो, म्हणून पत्र. अक्षराला नावं ठेवू नका.

रविवारी २५ नंबरच्या ट्रामनं शहराबाहेर गेले होते, गाइसेलगास्टाइग नावाच्या भागात. तिथं बव्हेरिया फिल्मचा मोठा स्टुडिओ आहे. तुमचा जन्म मालाडच्या बॉम्बे टॉकीज या जुन्या सिनेमा स्टुडिओच्या कंपाऊंडात लेथ चालवण्यात गेला. "अरे, इथं जर्मन साहेब सिनेमे काढायचा," हे तुमच्या तोंडून मी शंभरदा ऐकलंय. त्या साहेबाचं मूळ इथं आहे! फ्रान्झ ऑस्टेन त्याचं नाव. खरं आडनाव ऑस्टरमायर. त्याच्या भावानं, पेटरनं, १९१९ साली इथली जागा घेऊन स्टुडिओ उभा केला. कंपनीचं नाव एमेल्का.

बाप फोटोग्राफर. १९०७ साली दोघा भावांनी फिरतं सिनेमाघर काढलं, आपल्याकडच्या तंबूच्या टुरिंग टॉकीजसारखं. पहिल्या कार्यक्रमातच 'हिंदुस्थानातलं जीवन' अशा अर्थाची एक फिल्म होती म्हणे. तीन खेळ झाले आणि यंत्रानं पेट घेतला! नंतर ऑस्टेननं डोंगरातल्या शेतकऱ्यांचे, शिकाऱ्यांचे मूकपट काढले. ते आज इथंही फारसं कुणी बघत नाही.

१९२४ साली हिमांशू रॉय नावाचे आपले नट-निर्माते इथं आले, बुद्धाच्या आयुष्यावर सिनेमा काढायचा म्हणून. सौदा असा ठरला की पैसा, नट आणि जागा हिंदुस्थानातून, तर दिग्दर्शक, कॅमेरे आणि कॅमेरामन म्युनिकहून. १९२५ च्या वसंतात ऑस्टेन बोटीनं मुंबईत उतरला. पन्नाशीला टेकलेला माणूस, बरोबर जोसेफ विर्शिंग नावाचा विशीतला कॅमेरामन पोरगा. तो बुद्धावरचा सिनेमा, 'प्रेम संन्यास', मी इथं एका छोट्या थिएटरात बघितला, शेजारी एक बाई पियानो वाजवत होत्या. सुरुवातीला गोरे पर्यटक हिंदुस्थान बघायला येतात आणि बोधगयेत एक म्हातारा त्यांना बुद्धाची गोष्ट सांगतो. ती सुरुवात मला जरा टुरिस्ट कंपनीच्या जाहिरातीसारखी वाटली. पण पुढे गल्लीबोळ, भिकारी, जयपूरच्या महाराजांचे हत्ती दिसायला लागतात, सगळं खऱ्या उन्हात. तिथल्या माणसांच्या चेहऱ्यांवर मेकअप नाही, कॅमेऱ्याकडे बघून कुणी लाजतंय, कुणी डोळे बारीक करतंय. शंभर वर्षांपूर्वीची आपली माणसं, अण्णा. मला कथेपेक्षा तीच जास्त आठवतात. मग १९२८ ला ताजमहालाच्या गोष्टीवरचा 'शिराझ' आणि १९२९ ला 'प्रपंच पाश'. तिन्हींत हिमांशू रॉय आहेतच, कधी नायक तर कधी खलनायक.

बोलपट आले आणि १९३४ ला रॉय आणि त्यांची बायको, नटी देविका राणी, यांनी मालाडला स्टुडिओ काढला, तोच तुमचा बॉम्बे टॉकीज. ऑस्टेन परत आला, तो १९३९ पर्यंत. हिंदी येत नसताना पंधरा-सोळा हिंदी सिनेमे काढले. संवाद दुसरे बघायचे, हा चित्र बघायचा. मूकपटातून आलेल्या माणसाला ते जमलं असणार. 'अछूत कन्या' त्याचाच. रेल्वे फाटक, अशोककुमार, देविका राणी, तुमचं आवडतं "मैं बन की चिड़िया".

आता जे सांगायचं म्हणून पत्र लिहायला बसले ते. 'अछूत कन्या' आला १९३६ साली. त्याच साली ऑस्टेन नाझी पक्षाचा सभासद झाला. जातीपायी चिरडलेल्या मुलीची गोष्ट पडद्यावर आणि खिशात हिटलरच्या पक्षाचं सभासदत्व. मी वाचून दोन दिवस गप्प होते. इथं काहीजण म्हणतात, परदेशात काम करणाऱ्याला तेव्हा सभासद व्हावंच लागायचं. मला ते पटत नाही. सगळेच काही झाले नव्हते. तुम्हाला सांगू की नको असं झालं होतं, पण तुमच्या साहेबाची अर्धीच गोष्ट तुमच्याजवळ राहावी हेही बरं वाटेना.

पुढचं थोडक्यात. सप्टेंबर १९३९ ला युद्ध पेटलं तेव्हा 'कंगन'चं काम चालू होतं. इंग्रजांनी स्टुडिओतले जर्मन धरून नेले. ऑस्टेनला म्हातारा म्हणून सोडलं, तो इथं परतला आणि काही वर्षं याच स्टुडिओत नोकरीला होता. नंतर बाड आयब्लिंग या गावात औषधी स्नानाच्या ठिकाणी मॅनेजर झाला. १९५६ ला गेला. विर्शिंग मात्र सुटल्यावर भारतातच राहिला. तुम्हाला 'महल'मधल्या ज्या सावल्या आवडतात त्या त्याच्याच, आणि 'पाकीज़ा'चं कामही त्यानं केलं.

स्टुडिओच्या फाटकाजवळ ऑस्टेनचं नाव शोधलं. मला तरी कुठे दिसलं नाही. ट्रामची वाट बघत उभी होते तेव्हा थंडीनं बोटं वाकत नव्हती, आणि डोळ्यांसमोर मात्र तुमचं वर्कशॉप, ऑइलचा वास, गळका पत्रा.

बंड्याला सांगून कंपाऊंडातल्या त्या जुन्या भिंतीचा फोटो काढायला लावा, अजून उभी असेल तर. आणि तुमचे बाबा स्टुडिओत सुतारकामाला जायचे ते नेमकं कुठल्या साली, हे आठवतंय का? मला त्यांनी साहेबाला समोर बघितलं होतं का ते जाणून घ्यायचंय.

आजीला नमस्कार. तिनं पाठवलेला चिवडा संपला.

तुमची,
चिऊ