सुतव्यांच्या पिल्लांविषयी सुमनला पत्र

ठाणे (पश्चिम),
दि. ११ मे

प्रिय सुमन,

सप्रेम नमस्कार, वि. वि.

तुझ्या दिवाळीतल्या पत्राला मी उत्तर धाडले नाही, याची बोचणी गेले सहा महिने मला आहे. आज मात्र लिहिल्यावाचून राहवत नाही, कारण जे घडले ते तुझ्याखेरीज कोणाला सांगूनही कळणार नाही. आईचे गुडघे तसेच आहेत. बाकी सर्वांच्या प्रकृती ठीक.

गेल्या रविवारी मुक्ताला घेऊन येऊरच्या जंगलात गेले होते. वाटेत आंब्याच्या एका खालच्या फांदीवर हुमल्यांचे, म्हणजे झाडावरच्या त्या तांबड्या मुंग्यांचे, पाने जोडून घरटे बांधणे चालू होते, आणि आम्ही दोघी पाऊण तास तिथून हललो नाही. काही हुमले एकमेकांची कंबर जबड्यात धरून, साखळी करून, दोन पाने जवळ ओढत होते. मागून एक हुमला तोंडात पांढरी अळी घेऊन आला. त्याने ती या पानाच्या कडेला टेकवली, मग त्या पानाच्या, पुन्हा या पानाच्या, अगदी धोटा फिरावा तशी. आणि पाहता पाहता दोन पानांच्या मध्ये पांढरा पापुद्रा धरला. मी मुक्ताला सांगितले की मोठ्या हुमल्याला रेशीम काढता येत नाही, ते फक्त अळीला येते, आणि तिचे रेशीम घरट्याला लागल्यामुळे तिला स्वतःभोवती कोश विणता येत नाही, ती उघडीच वाढते. मुक्ता क्षणभर गप्प राहिली आणि म्हणाली, “पण तिला कोणी विचारलं होतं का?”

सुमन, हे तुझे वाक्य आहे. नववीत, भिवंडीला तुमच्या माडीवर बसून, सुतव्यांच्या, आपण दोघींनी कल्पनेने रचलेल्या त्या समाजाच्या, वहीवर बोट आपटत तू शब्दाला शब्द हेच म्हणाली होतीस.

घरी आल्याबरोबर मी ट्रंकेतून ती वही काढली. आपण किती बारकाईने तो समाज उभा केला होता! सुतव्यांना लिपी नाही. जन्म, सोयरीक, शेताचा बांध, सारे कापडाच्या काठात विणलेले. कर्ज घेतले की गाठ मारायची आणि फेडले की चार साक्षीदारांसमोर ती सोडायची. इंका लोक दोऱ्यांच्या गाठींत हिशेब ठेवत, हे तेव्हा आपल्या गावीही नव्हते. कोणी वारले की त्याचे वस्त्र जाळायचे नाही, उसवायचे, आणि तो धागा वस्तीतल्या प्रत्येक घराच्या नव्या विणीत एकेक वीत जायचा. वस्तीच्या सरपंचाला आपण भूमितीच्या सरांचे नाव दिले होते आणि नेमके सरांनीच ती वही जप्त केली, हे आठवून मी एकटीच मोठ्याने हसले. वही परत देताना ‘सरपंचाला पगार किती?’ एवढेच त्यांनी विचारले होते.

आणि त्या सगळ्याच्या बुडाशी तो एक नियम: धागा फक्त पिल्लांच्या तोंडातून येतो, मोठ्यांच्या हाती केवळ विणणे. तो मी हुमल्यांवरूनच घेतला होता आणि मला त्याचा फार अभिमान होता. तू एक अख्खे पान लिहून आणलेस, ज्यात एक पिल्लू धागा द्यायला नकार देते. अशाने वस्तीत घरेच उभी राहणार नाहीत, असे म्हणून मी ते पान फाडले. त्यानंतर तीन आठवडे आपण बोललो नाही. तू हट्टी आहेस, असे मी पुढे कित्येक वर्षे सर्वांना सांगत आले.

परवा रात्री वही मांडीवर घेऊन बसले असताना मला तुमची माडी दिसली. खाली यंत्रमागांची खटखट, आणि खिडकीशी तू रहाटावर कांड्या भरत बसलेली. शाळेतून आलीस की तू रोज कांड्या भरायचीस आणि मी शेजारी बसून तुला सुतव्यांच्या गोष्टी सांगायचे. तुझी बोटे धाग्याने कापलेली असायची, त्यांवर तू हळद लावायचीस. मी ती बोटे रोज पाहिली, सुमन, आणि तरीही तू ते पान का लिहिलेस हे मला कधी सुचले नाही. मला क्षमा कर.

मी ती कथा आता पुरी करायला घेतली आहे आणि तिथेच अडून बसले आहे. मोठ्यांनाही धागा काढता येतो असे करून पाहिले, तर सुतवे धाग्याला हात लावण्याआधी जे नमस्कार करतात त्याला अर्थच उरत नाही. धागा दुसऱ्याने दिलेला आहे म्हणून तर तो नमस्कार. नियम तसाच ठेवावा, तर घरांच्या भिंतींचे कौतुक करताना माझा हात थांबतो. पिल्लांना विचारावे, तर ज्याने नाही म्हटले ते पिल्लू स्वतःचा धागा स्वतःभोवती गुंडाळून कोशात झोपेल. आणि कोशात वाढलेला सुतवा कसा दिसतो, हे त्या जगात कोणीच पाहिलेले नाही. वस्ती त्या कोशाभोवती जमली आहे, इथवर मी लिहिले आहे. पुढे चार दिवस एक ओळ नाही.

तुझ्या सोलापूरच्या नव्या घराची वास्तुशांत झाली का? नीलचा निकाल कळव, आणि वन्संच्या डोळ्यांचे काय झाले तेही.

तुझे ते पान मी न वाचता फाडले होते. पहिल्या दोन ओळी पाहिल्या आणि रागावले, बस्स. तुला आठवत असेल तर लिही: त्या पिल्लाचे पुढे तू काय केले होतेस?

तुझी,
मंदा