फेलिक्सचे कांस्यपदक

महोदय,

अमेरिकन धावपटू अ‍ॅलिसन फेलिक्सची ऑलिंपिकमधील ११ पदके, त्यातली ७ सुवर्ण, हे आकडे नेहमी छापून येतात. मला मात्र तिचे टोकियोतले ४०० मीटरचे कांस्य सर्वांत मोलाचे वाटते.

नोव्हेंबर २०१८ मध्ये गरोदरपणातील गंभीर गुंतागुंतीमुळे बत्तिसाव्या आठवड्यातच तिचे तातडीने सिझेरियन करावे लागले. मायलेकी दोघींच्याही जिवावर बेतले होते. त्याच सुमारास प्रायोजक कंपनी तिचे मानधन ७० टक्क्यांनी घटवू पाहत होती. हे तिने २०१९ मध्ये नावानिशी लिहिले. नव्या कराराची बोलणी चालू असताना असे बोलायला किती धैर्य लागत असेल! पुढे त्या कंपनीला गरोदर खेळाडूंबाबतचे धोरण बदलावे लागले.

रिओत अवघ्या ०.०७ सेकंदाने सुवर्ण हुकले, तेव्हा तिची वेळ होती ४९.५१. टोकियोत, वयाच्या पस्तिशीत, आई झाल्यावर ती ४९.४६ सेकंदांत धावली. म्हणजे पाच वर्षांपूर्वीपेक्षा वेगाने!

२०२२ मध्ये ती निवृत्त झाली. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये क्रीडाग्रामात खेळाडू मातांच्या बाळांसाठी खास कक्ष सुरू झाला, त्यामागेही तिचाच पुढाकार होता.

– एक क्रीडाप्रेमी वाचक, सातारा