शंभर किलो द्राक्षांचा बेदाणा किती?

मा. संपादक,
स. न.

आपल्या स्पर्धा परीक्षेच्या पानावर मिश्रणाच्या गणितांसाठी तिरक्या वजाबाकीची युक्ती दिली जाते: दोन मालांचे टक्के आणि मध्ये हवे ते टक्के मांडायचे, तिरके फरक काढायचे, की मालांचं गुणोत्तर मिळतं. युक्ती खोटी नाही. पण ती कुठे लागते आणि कुठे लागत नाही, हे सोबत छापलं जात नाही आणि मुलांचे गुण नेमके तिथेच जातात.

द्राक्षांचंच घ्या. ताज्या द्राक्षांत ८० टक्के पाणी, बेदाण्यात १५ टक्के. तर १०० किलो द्राक्षांचा बेदाणा किती? ८० वजा १५ म्हणजे ६५ किलो पाणी उडालं, उरले ३५ किलो, असं उत्तर हमखास येतं. तासगावच्या बागायतदाराला ते सांगून पाहा, हसेल. ८० टक्के हे १०० किलोंचे आहेत, १५ टक्के बेदाण्याच्या वजनाचे, आणि ते वजन तर अजून काढायचंय. मग ते एकमेकांतून वजा कसे होतील? रॅकवर द्राक्षं वाळतात तेव्हा जातं ते पाणी. कोरडा भाग आधी २० किलो होता, नंतरही २० किलोच. बेदाण्यात तो ८५ टक्के भरतो, म्हणून २० भागिले ०.८५, साधारण २३.५ किलो. चार किलो द्राक्षांना एक किलो बेदाणा, हा रोजचा ठोकताळा याच्या जवळच आहे.

तेव्हा पेन उचलण्याआधी एकच प्रश्न विचारायचा: यात बदलत नाही ते काय? १० टक्के साखरेचा ४५ किलो पाक १९ टक्क्यांचा करायला किती साखर घालावी? घाईत ४५ चे ९ टक्के, ४.०५ किलो, असं लिहिलं जातं. पण साखर घातली की पाकाचं एकूण वजनही वाढतं, त्यामुळे पाक १७.४ टक्क्यांवरच अडतो. इथे न बदलणारं आहे पाणी: ४०.५ किलो. नव्या पाकात ते ८१ टक्के हवं, म्हणजे पाक ५० किलो आणि साखर ५ किलो. तिरक्या वजाबाकीनेही हे सुटतं, फक्त कोरडी साखर १०० टक्के म्हणून मांडावी लागते. मुलं तिथे शून्य मांडतात. शून्य पाण्याचं.

ही युक्ती खरी शोभते ती दोन माल एकत्र करताना. ६ फॅटचं म्हशीचं आणि ३.५ फॅटचं गाईचं दूध मिसळून ४.५ फॅटचं ५०० किलो दूध करायचंय. फरक १ आणि १.५, म्हणून गुणोत्तर २:३. पण २ कोणाचे? इथे निम्मी मुलं उलटं लिहितात. ४.५ हा आकडा ३.५ ला जवळ आहे, म्हणजे गाईचं दूध जास्त लागणार: ३०० किलो, आणि म्हशीचं २००. ताळा करायला दहा सेकंद पुरतात. १२ किलो आणि १०.५ किलो मिळून फॅट २२.५ किलो, ५०० चे ४.५ टक्के तेवढेच.

काढा-घाला प्रकाराला मात्र ती सरळ लावू नये. ५० लिटर दुधातून १० लिटर काढून तेवढंच पाणी घातलं, असं दोनदा केलं, तर दूध ३० लिटर उरत नाही. दुसऱ्या वेळी काढलेल्या १० लिटरमध्ये २ लिटर पाणीच होतं. दर वेळी चार पंचमांश दूध मागे राहतं: ५० चं ४०, ४० चं ३२.

शब्दांनीही फसगत होते. ५ टक्क्यांचं जंतुनाशक ०.५ टक्के करायला एक भाग औषध आणि नऊ भाग पाणी लागतं. ‘दहापट पातळ’ म्हणून दहा भाग पाणी ओतलं तर ते ०.४५ टक्क्यांवर येतं. ‘१० भागांत १’ आणि ‘१० भागांना १’ हा फरक प्रश्नात स्पष्ट हवा. तसंच टक्के वजनाचे की आकारमानाचे, तेही. ५० मिली शुद्ध अल्कोहोल आणि ५० मिली पाणी एकत्र केल्यावर १०० मिली भरत नाही, ९६-९७च भरतं.

आपल्या पानावर उत्तराखाली नुसता पर्याय क्रमांक असतो. त्याऐवजी वर दुधाचा केला तसा एका ओळीचा ताळा छापावा, एवढी विनंती.

– गणिताचे एक शिक्षक, सांगली