आईचं काम करणाऱ्या नटीचं नाव कुठंय?

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत परदेशातल्या नट्यांवर येतं ते मी दर आठवड्याला वाचते. मागं इजिप्तवर आलेलं त्यात फातेन हमामावर भरपूर होतं, फोटो पण मस्त होता, पण १९५९ च्या ज्या पिक्चरचं तुम्ही एवढं कौतुक केलंय त्यात तिच्या आईचं काम केलेली अमीना रिझ्क, तिचं नाव सुद्धा नाही बघा. म्हणून लिहायला बसले.

ही बाई तांता गावची, जन्म १९१० चा. वडील लहानपणीच गेले, आईबरोबर कैरोला आली आणि १९२४ ला, म्हणजे चौदाव्या वर्षी, युसूफ वहबींच्या रमसेस नाटक कंपनीत लागली. त्या काळात आपल्याकडं अजून बालगंधर्व शालू नेसून स्टेजवर उभे राहत होते, हे लक्षात घ्या. पुढं त्याच कंपनीची ती मोठी नटी झाली. १९३२ ला इजिप्तचा पहिला बोलपट आला त्यातही ती आहे, आणि त्याच साली आपल्याकडं कोल्हापुरात प्रभातनं पहिला मराठी बोलपट काढला, दुर्गाबाई खोटे होत्या त्यात.

नजीब महफूझ यांच्या कादंबरीवरचा तिचा १९६० चा पिक्चर माझ्या भाच्यानं मोबाईलवर लावून दिला. नवरा मेलाय, पदरात तीन मुलगे एक मुलगी, घरात पैसा नाही, आणि त्या मुलांतला एक ओमर शरीफ. खाली इंग्लिश अक्षरं पळत होती, ती वाचायची मी मधेच सोडून दिली आणि नुसता तिचा चेहराच बघत बसले, कारण असल्या बायका मी आमच्या शहापुरात विणकरांच्या घरात बघितल्यात, नवरा गेल्यावर माग बंद पडू नये म्हणून धडपडणाऱ्या. अरबीचा एक शब्द येत नाही मला, तरी सगळं कळलं. १९९१ ला, वय ८१, तेव्हाही तिनं एका गाजलेल्या पिक्चरमधी आईचं काम केलं, त्याच साली तिकडच्या शूरा कौन्सिलवर, म्हणजे आपल्या राज्यसभेसारख्या वरच्या सभागृहावर, तिला नेमलं. २००३ ला गेली.

आणि हे आपल्याच पेपरात का लिहितेय तर पडद्यावरची आई म्हटल्यावर ज्यांचं नाव पहिलं घेतात त्या सुलोचनाबाई आपल्या जिल्ह्यातल्या, निपाणीजवळच्या खडकलाटच्या. तिशीतच हिंदीत आईची कामं करायला लागल्या, पुढं पद्मश्री मिळाली, महाराष्ट्र भूषण मिळालं, २०२३ ला गेल्या. पण खडकलाट कुठं आहे विचारलं तर बेळगावातल्या आजच्या पोरांना सांगता येत नाही, मी विचारून बघितलंय.

मी स्वतः हौशी नाटकात काम करायची. २६ वर्षांची असताना ४० वर्षांच्या माणसाची आई झाले, केसांना पांढरी पावडर लावून, कमरेत वाकून, तीन अंक. तालमीवरनं घरी गेलं तरी कंबर सरळ व्हायची नाही. हँडबिल हातात आलं तर हिरो हिरॉईन, व्हिलन, कॉमेडी करणारा, सगळ्यांची नावं ठळक, आणि मी "व इतर" मधी. ते हँडबिल अजून माझ्या ट्रंकेत आहे.

तेव्हा साहेब, आईची कामं केलेल्या नट्यांवर एक अख्खी पुरवणी काढा, अमीना रिझ्क आणि सुलोचनाबाई शेजारी शेजारी छापा, खडकलाटला माणूस पाठवून जुन्या लोकांशी बोला. यंदा गणपतीत आमच्या गल्लीत नाटक बसवतायत, आईचं काम कॉलेजातल्या एका पोरीला दिलंय, तिचं नाव हँडबिलात पहिल्या चारात आलं पाहिजे असं मी मंडळाच्या पोरांना सांगून आलेय आणि त्यांनी हो म्हटलंय.

आपली,
एक जुनी वाचक, शहापूर, बेळगाव