हप्ता परवडतो, पण एकूण किती भरणार?

संपादक साहेब,
घर घेताना सगळे एकच विचारतात, महिन्याचा ईएमआय किती बसेल? शेवटपर्यंत एकूण किती भरणार हे कोणी विचारतच नाही आणि मला ते फार खटकतं. ९ टक्क्यांनी २० वर्षांचं होम लोन घेतलं तर दर १०० च्या कर्जामागे साधारण २१६ परत करावे लागतात, आणि हप्ता हलका व्हावा म्हणून मुदत ३० वर्षं केली की हप्ता जेमतेम १०-११ टक्के उतरतो पण एकूण भरणा जातो थेट २९० च्या आसपास! २० वर्षांच्या याच कर्जात पहिल्या हप्त्यातला ८३ टक्के भाग नुसता व्याजाचा असतो, म्हणून तर १४ वर्षं भरूनही मुद्दल निम्मंच फिटतं. त्यात फ्लोटिंग रेट (म्हणजे बाजाराप्रमाणे बदलणारा व्याजदर) वाढला की बरेचदा हप्ता तोच राहतो आणि मुदत लांबते, कर्जदाराच्या ते लक्षातही येत नाही. प्रोसेसिंग फी, विमा वगैरे वेगळंच. जादा पैसे आले तर सुरुवातीच्या वर्षांतच प्रीपेमेंट करा, म्हणजे मुदतीआधीच थोडं मुद्दल फेडा, आणि हप्ता नाही, मुदत कमी करून घ्या. सही करायच्या आधी परतफेडीचा पूर्ण तक्ता मात्र नक्की मागा.
– एक वाचक