गोठ्यातला कप

महोदय,
आजीच्या धाकट्या बहिणीच्या गालावर कुष्ठरोगाचा चट्टा उठला आणि तिचा चहाचा कप वेगळा झाला. कान तुटलेला, गोठ्याच्या खिडकीत पालथा घातलेला तो कप मी लहानपणी पाहिलाय. गोळ्या घेऊन ती पूर्ण बरी झाली. कप मात्र शेवटपर्यंत घरात आला नाही.

कुष्ठरोगाचा जंतू डॉक्टर हान्सेन यांनी नॉर्वेत १८७३ मध्ये शोधला. हे मागच्या जन्मीचं पाप नाही, एवढं तेव्हाच कळायला हवं होतं. उलट १८९८ मध्ये इंग्रज सरकारने रुग्णांना डांबून ठेवणारा कायदा केला; तो रद्द व्हायला २०१६ उजाडलं. रोग पूर्ण बरा करणारा बहुविध औषधोपचार, म्हणजे अनेक औषधं एकत्र देणं, १९८१ पासून आहे, तरी कुष्ठरोग हे घटस्फोटाचं कारण कायद्यातून निघालं ते २०१९ मध्ये. अडतीस वर्षं! सेवाग्रामला गांधीजी कुष्ठरोग झालेल्या परचुरे शास्त्रींच्या जखमा स्वतः धूत, तेव्हा तर खात्रीचं औषधही नव्हतं.

आजही माणसं चट्टा लपवतात, कारण सोयरीक मोडेल, काम जाईल. तोवर नसा बधिर होतात, बोटं वाकतात. मग ती वाकडी बोटं बघून लोक आणखी घाबरतात. शरीराची ही दशा जंतूइतकीच आपल्या भीतीनेही केली आहे, असं मला वाटतं.

आशाताई तपासणीला दारात आल्या, तर बधिर चट्टा असेल तो दाखवा. सरकारी दवाखान्यात गोळ्या फुकट मिळतात.

– एक वाचक, वर्धा